डागदराची भिंत

त्यांना सगळे डागदर म्हणत. जुनी माणसं डॉक्टरला डागदर म्हणतात, शब्द तोच. पण इथे त्याची फोड निराळी. भिंतीवरच्या कुठल्याही डागावर यांच्याकडे इलाज, म्हणून डागदर. छतातून ओल उतरलेली असो, पोरांनी पेनाने रेघोट्या ओढलेल्या असोत, कॅलेंडर काढल्यावर मागे राहिलेला फिकट चौकोन असो, डागदर यायचे, दोन बोटांनी भिंत चाचपायचे, ठोकून आवाज ऐकायचे आणि घरच्या बाईला धीर द्यायचे, "घाबरू नका. बरी होईल."

इलाज मात्र एकच, स्पंज. भिंतीला आधी एक सपाट रंग द्यायचा आणि तो चांगला वाळू द्यायचा. मग त्याहून जरा गडद रंग पाणी घालून दुधाइतका पातळ करायचा. ओला करून घट्ट पिळलेला स्पंज त्यात टेकवायचा, जास्तीचा रंग रद्दी कागदावर टिपून टाकायचा, आणि मग भिंतीला थोपटायचं. दाबायचं नाही, घासायचं तर मुळीच नाही. झोपलेलं मूल उठू नये आणि जागं असलेलं झोपावं, इतपतच हात. आणि दर खेपेला मनगट थोडं वळवायचं, कारण मनगट वळलं नाही तर तोच ठसा पुन्हा उमटतो. एकदा का डोळ्याला दोन सारखे ठसे सापडले की मग सगळी भिंत छापील कापडासारखी दिसायला लागते आणि कष्ट मातीत जातात.

"एक डाग असला की घराला लाज वाटते," डागदर म्हणत, "आणि हजार असले की पाहुण्यांना कौतुक वाटतं. मी फक्त बाकीचे नऊशे नव्याण्णव पुरवतो."

त्यांची एक बढाई होती. काम संपवून निघताना दारात वळून ती ते हमखास मारत. "माझ्या भिंतीवर दोन ठसे सारखे दाखवा. अख्खी भिंत पुन्हा करून देईन." तीस वर्षांत एकानेही पुन्हा बोलावलं नव्हतं. डागदरांना हा आपल्या मनगटाचा विजय वाटे. त्यांच्या बायकोला वेगळंच वाटे.

"कुणी बघितलंच नसेल," ती म्हणे.

बायको देवभक्त होती. देवभोळी म्हणता आलं नसतं, कारण भोळेपणा तिच्या वाट्याला आलाच नव्हता. डागदर संध्याकाळी घरी येऊन नळाखाली स्पंज पिळायला लागले की तिचा प्रश्न ठरलेला.

"आज काय झाकलंत?"

"ओल."

"गेली?"

"दिसत नाही आता."

"मी विचारलं, गेली का?"

डागदर स्पंज पिळत राहायचे. "देवाला रंगाच्या मागचंही दिसतं हो," असं म्हणून ती आपली प्रार्थनेला बसायची, आणि प्रार्थनेला बसलेल्या माणसाशी वाद घालता येत नाही, हे तिला पक्कं माहीत होतं.

कुणी बघितलंच नसेल, हे मात्र डागदरांच्या जिव्हारी लागलेलं. कारण ते खरं होतं. काम चांगलं झालं की लोक म्हणत, "अरे वा, डाग गेला!" भिंत चांगली झाली असं कुणी म्हणत नसे. गेलेला डाग पाच मिनिटं बघत आणि मग भिंतीला सोफा लावून टाकत, नाहीतर कपाट. डागदरांच्या हातच्या उत्तम भिंती या गावात सोफ्यांमागे उभ्या होत्या. एकदा तरी, निदान एका माणसाने, आपली भिंत बसून बघावी, एवढीच त्यांची इच्छा. मोठी नव्हती, पण तीस वर्षं तिष्ठत होती.

म्हणून तिसऱ्या मजल्यावरच्या त्या घरातून बोलावणं आलं आणि काम काय ते कळलं, तेव्हा त्यांच्या मनात एकदम उजाडलं. खोलीत एक म्हातारी बाई दिवसभर पडून असते. सोफा नाही, कपाट नाही. पडल्या पडल्या ती भिंत बघणार नाही तर काय करणार?

दार सूनबाईंनी उघडलं. एका हातात झाडू, खांद्यावर टॉवेल, चेहऱ्यावर दोन महिन्यांचा शीण. शेजारणीने त्यांना नाव सांगितलं होतं ते एवढंच, म्हणून त्यांनीही आत तोंड करून तेच पुकारलं.

"आई, डागदर आलेत हो!"

आजींनी ते ऐकलं. दोन महिन्यांपूर्वी न्हाणीघरात घसरून त्यांचा पाय मोडला होता. हाड केव्हाच जुळलं, प्लास्टर उतरलं, पण पलंग काही सुटेना. घरचे डॉक्टर पंधरा दिवसांनी येत, "उठा, चाला" म्हणत, रक्तदाबाची गोळी सकाळ-संध्याकाळ चुकवू नका म्हणत आणि जात. आजी मान डोलवत आणि कूस बदलत. आता दारात पांढरा शर्ट आणि हातात पिशवी असलेला माणूस दिसला. शर्टावरचे निळे-पिवळे शिंतोडे दिसायला चष्मा लागला असता, आणि चष्मा उशीखाली होता. आजींनी सवयीने जीभ बाहेर काढली.

डागदर गोंधळले. पण तीस वर्षं परक्या घरांत वावरलेला माणूस, समोर आलेल्याचा अव्हेर करायचा नाही हे अंगवळणी पडलेलं. ते वाकले आणि त्यांनी जीभ नीट बघितली.

"रंग चांगला आहे," ते म्हणाले. त्यातलं त्यांना तेवढंच कळत होतं.

"ऐकलंस का गं?" आजी सुनेला म्हणाल्या. "हा चांगलं बोलतो. तो दुसरा नुसता मान हलवतो."

सूनबाई पदराने तोंड दाबत डागदरांना बाहेरच्या खोलीत घेऊन आल्या. "अहो, आता असंच राहू द्या. रंगवाले म्हटलं तर त्या खोलीत पाऊल टाकू देणार नाहीत. मी चारदा विचारून बघितलं. म्हणतात, माझ्या मेल्यावर काय ते रंगवा."

"पण मी खोटं..."

"तुम्ही काही बोलूच नका. भिंत तेवढी करा. लाज वाटते हो मला. लोक आजारी माणसाला बघायला येतात आणि भिंत बघून जातात."

भिंतीवर, पलंगाच्या डोक्याशी, बरोबर माणसाच्या डोक्याएवढा तेलकट डाग होता. आजी तिथे टेकून बसत. रोज तेल, रोज डोकं, दोन महिने. डागदरांनी तो बघितला आणि मनात म्हणाले, हा तर माझ्या डाव्या हाताचा मळ. मग त्यांचं लक्ष एका गोष्टीकडे गेलं. पलंग याच भिंतीला लावलेला होता. तीस वर्षांनी प्रेक्षक मिळाला होता आणि तो भिंतीला पाठ टेकून बसला होता.

दुसऱ्या दिवशी डागदर बादली, स्पंज, जुनी चादर घेऊन आले. आजींनी चष्मा लावला.

"हे काय करताय, डागदर?"

डागदरांना खोटं सुचत नसे, पण अर्धवट खरं चटकन सुचे, धंद्याचा गुण. "भिंत बरी नाहीये, आजी. आधी ती बरी करतो."

"बघ," आजी सुनेला म्हणाल्या, "असे मुळापासून इलाज करणारे आता राहिलेत कुठे!"

खिडक्या उघड्या ठेवून पलंगाच्या बाजूंची आणि वरची भिंत तीन दिवसांत झाली. खाली सायीचा रंग, त्यावर भाजलेल्या विटेचा अगदी पाणीदार ठसा, आणि सगळ्यांत वर पुन्हा सायीपेक्षाही फिकट. कोपऱ्यांसाठी फाडलेला बोटभर तुकडा. मधूनच चार पावलं मागे जायचं, डोळे अर्धे मिटायचे, आणि जिथे दाटी झाली असेल तिथे फिकट ठसा टेकवून मोकळं करायचं.

आणि एक नवलच झालं. थप, थप, थप, अशा त्या मऊ आवाजाला आजींना झोप लागली. भर दुपारी, तोंड उघडं टाकून. दोन महिने ज्यांच्या डोळ्याला डोळा लागला नव्हता, आणि ज्यांच्यापायी सुनेच्याही नव्हता, त्या घोरू लागल्या. सूनबाई दारातून डोकावल्या आणि तिथेच उंबऱ्यावर बसून त्यांनीही एक डुलकी काढली.

उरली ती पलंगामागची भिंत, डागासकट. पलंग हलवल्याशिवाय ती होणार नव्हती, आणि आजी उठल्याशिवाय पलंग हलणार नव्हता. डागदरांना त्या रात्री जेवण गोड लागलं नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी घसा साफ केला.

"आजी, आजपासून रोज चार वाजता खिडकीशी खुर्चीत बसायचं. दोन तास."

"ते कशाला?"

"रक्त खाली उतरतं," डागदर म्हणाले. हे वाक्य कुठून आलं ते त्यांनाही कळलं नाही.

आजींनी क्षणभर विचार केला आणि सुनेला हात पुढे केला. "उचल गं. डागदर म्हणतायत."

जे घरच्या डॉक्टरांना दोन महिन्यांत जमलं नव्हतं, ते एका माणसाने स्वतःच्या भिंतीच्या लोभापायी दोन मिनिटांत करून दाखवलं. सूनबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. त्या देवाला हात जोडून चहा टाकायला गेल्या. डागदरांना थोडी शरम वाटली, पण फार नाही; त्यांचं लक्ष पलंगाकडे होतं. पलंगाचे पाय करकरले, तो हातभर पुढे आला, आणि डागदर मागच्या फटीत वाकले.

खाली भिंतीच्या कडेने पांढरे ठिपकेच ठिपके होते. आधी त्यांना वाटलं चुन्याचे पोपडे गळालेत. एक उचलला. गोल होता. मधे रेघ होती.

गोळ्या. शंभराच्या वर असतील. काही ओलीने फुगलेल्या, काही फरशीला चिकटून पीठ झालेल्या.

डागदर उठले तेव्हा खुर्चीतून आजी त्यांच्याकडे बघत होत्या. चष्मा नाकावर होता.

"सापडल्या?" त्या हळूच म्हणाल्या.

"आजी, या सगळ्या..."

"जिभेखाली ठेवते. सून वळली की मागे टाकते. सोपं आहे."

"पण का?"

आजींनी चष्मा काढून पदराला पुसला. मग म्हणाल्या, "आजारी आहे तोवर माझा मुलगा ऑफिसातून आला की इथे येऊन दहा मिनिटं बसतो. बोलत नाही काही. पण बसतो. बरी झाले की पुन्हा दारातूनच, 'आई, आलो गं', 'आई, जातो गं'. दाराच्या आत यायला काहीतरी दुखणं लागतं, डागदर."

स्वयंपाकघरातून कपांचा आवाज आला.

"तुम्ही डाग झाकता ना?" आजी म्हणाल्या. "शेजारीण सांगत होती, या डागदराकडे सगळ्या डागांवर उपाय आहे. मग हेही झाका. आणि सांगितलंत, तर पलंग जागेवर आणि मी पलंगावर. मग करा तुमची भिंत."

आता याला काय म्हणावं! ज्या माणसाने आयुष्यभर दुसऱ्यांचं झाकलं, त्याला पहिल्यांदा त्याच्याच भिंतीची किंमत सांगून झाकायला लावलं जात होतं. डागदरांनी भिंतीकडे बघितलं. एवढा एक तुकडा. तो झाला की पलंग फिरवून समोर लावायचा आणि आजी दिवसभर भिंतीकडे तोंड करून असणार.

"एका अटीवर," ते म्हणाले. "आजपासून गोळी माझ्यासमोर घ्यायची. सकाळी मी आल्यावर, संध्याकाळी मी जायच्या आधी; सूनबाई देतील, मी बघणार. आणि नंतर जीभ वर करून दाखवायची."

"भिंत होईस्तोवर, चार दिवस?"

"चार दिवस."

"मोठे आले डागदर," आजी पुटपुटल्या; पण त्यांनी जीभ वर करून दाखवली.

डागदरांनी गोळ्या रद्दी कागदात गोळा केल्या आणि पिशवीच्या तळाशी टाकल्या. सूनबाई चहा घेऊन आल्या तोवर फरशी पुसून झाली होती.

त्या संध्याकाळी नळाखाली उभे राहिले तेव्हा ठरलेला प्रश्न आलाच. "आज काय झाकलंत?"

"काही नाही."

बायकोने स्पंजकडे बघितलं. तो कोरडा होता. "मग काहीतरी मोठंच असणार," ती म्हणाली आणि प्रार्थनेला बसली. त्या दिवशी तिची प्रार्थना बरीच लांबली असं डागदरांना वाटलं.

पुढचे दिवस त्यांनी भिंत केली, पण हातात पूर्वीचं सुख नव्हतं. तेलाच्या डागावर आधी साबणाचं पाणी, मग डाग वर येऊ न देणारा अस्तराचा हात, मग सायीचा रंग. सगळं नेहमीसारखं. आजी खुर्चीत बसत, वेळेवर गोळी घेत, जीभ दाखवत. तिसऱ्या दिवशी कुणी न सांगता दरवाजापर्यंत चालत गेल्या आणि आल्या. सूनबाईंनी फोनवर निम्म्या नात्याला ही बातमी दिली. "डागदरांचा पायगुण हो," त्या म्हणत, आणि डागदर स्पंज बादलीत बुडवून त्याच्याकडेच बघत राहत.

शेवटच्या दिवशी शेवटचा, फिकट रंग चालला होता. हे काम मधे सोडता येत नाही. थांबलं की ओल्या रंगाची कड वाळते आणि जोड दिसतो. नेमके तेव्हाच घरचे डॉक्टर आले. पाठोपाठ मुलगाही आला. डॉक्टर येणार म्हणून ऑफिसातून लवकर निघाला होता, गळ्यात ओळखपत्र तसंच लटकत होतं. डॉक्टर आजींना खुर्चीत बघून थबकले.

"अरे वा! हे कसं काय?"

"डागदर म्हणाले," आजी म्हणाल्या.

"मीच म्हणत होतो ना! बघा, ऐकलंत तर गुण येतो." डॉक्टरांनी खुशीत दंडाला पट्टा बांधला, फुगवला, सोडला. मग कपाळाला आठी घातली. पुन्हा फुगवला. "दाब मात्र जेवढ्यास तेवढा. दोन महिने नियमित गोळी चालू आहे ना?"

"एकही चुकवली नाही," सूनबाई म्हणाल्या. "मी माझ्या हाताने देते."

"हं. म्हणजे हा डोस पुरत नाही. आता दुप्पट करू."

थप, थप. डागदरांचा हात भिंतीवर तसाच दोनदा पडला आणि तिथेच थांबला. दुप्पट. चार दिवस ज्या बाईने गोळी खरोखर घेतलीय, तिला दुप्पट. खुर्चीतून आजी त्यांच्याकडे बघत होत्या आणि किंचित मान हलवत होत्या, नको म्हणून.

डागदर वळले. स्पंजातून रंग मनगटावर ओघळत होता.

"डॉक्टरसाहेब, दुप्पट करू नका. आजींनी गोळ्या घेतल्याच नव्हत्या. फक्त चार दिवस घेतल्यात."

डॉक्टरांनी चष्म्यावरून बघितलं. "तुम्ही कोण?"

"मी डागदर."

"काय?"

"म्हणजे... तसा नव्हे. रंगवाला." डागदरांनी पिशवी उचलली आणि रद्दी कागदाची पुडी काढून पलंगावर उलगडली. मग सगळं सांगितलं. गोळ्या कुठे मिळाल्या ते, आणि आपण चार दिवस गप्प का राहिलो तेही. "मला भिंत पुरी करायची होती," ते म्हणाले.

सूनबाई त्या पुडीकडे बघत होत्या. त्यातली प्रत्येक गोळी त्यांनी स्वतः पाण्याच्या पेल्याबरोबर दिली होती. पहिला आवाज फुटला तो आजींचा.

"रंगवाले?" त्या म्हणाल्या. "म्हणजे तो खरंच रंगच होता? मला वाटलं, आहेत डागदर, पण आजकाल कुणाचंच एका कामात भागत नाही, म्हणून भिंतीही करत असतील. मग माझी जीभ कशाला बघत होतात इतके दिवस?"

"तुम्ही दाखवलीत, आजी."

"चहाडखोर!" आजी म्हणाल्या आणि त्यांनी तोंड खिडकीकडे फिरवलं.

"पण का, आई?" मुलाने विचारलं. आजी बोलल्या नाहीत. डागदरही बोलले नाहीत. ते सांगायचा हक्क त्यांचा नव्हता. पण मुलगा काही दगड नव्हता. त्याने आईकडे बघितलं, गळ्यातल्या ओळखपत्राशी चाळा केला, आणि मग त्याला काय कळलं ते देवाला ठाऊक. गळ्यातून ते काढून त्याने खिशात टाकलं आणि पलंगाच्या कडेवर बसला.

डॉक्टरांनी डोस होता तेवढाच ठेवला आणि नवा हुकूम सोडला: पलंग कुठल्याही भिंतीला लावायचा नाही. खोलीच्या मधोमध, चारही बाजूंनी मोकळा. "म्हणजे टाकायला जागाच नको." जाता जाता ते डागदरांकडे वळले. "तुम्ही चार दिवस गप्प बसलात, हे बरं केलं नाहीत. पण आज बोललात, ते बरं केलंत." त्यांनी भिंतीकडे बघितलं नाही.

डागदरांनी उरलेला हातभर तुकडा मान खाली घालून संपवला. सामान आवरलं. दारात वळून बढाई मारायची हिंमत या वेळी झाली नाही; ती पहिल्या संध्याकाळी, मुलाशी पैसे ठरवतानाच मारून झाली होती, एवढंच. पलंग मधोमध आला होता, पडल्या पडल्या समोर भिंत दिसेल असा. आजी मात्र तिकडे पाठ करून झोपल्या होत्या.

"आज काय झाकलंत?" बायकोने विचारलं.

"आज उघडं केलं."

मग तिने त्यांच्या हातातून स्पंज घेतला आणि नळाखाली स्वतः धुतला. तीस वर्षांत पहिल्यांदाच. डागदर बाजूला उभे राहून हात कुठे ठेवावेत याचा विचार करत होते.

पंधरा दिवस गेले. डागदर मधे एक जिना आणि दोन स्वयंपाकघरं करून आले. त्या तिसऱ्या मजल्याखालून जाताना ते वर बघायचे नाहीत. आणि एका दुपारी फोन वाजला. मुलगा होता.

"डागदर, सापडले!"

"पुन्हा गोळ्या?"

"छे हो! ठसे. दोन सारखे. या तुम्ही."

सूनबाईंनी दार उघडलं. या वेळी खांद्यावर टॉवेल नव्हता. "काय सांगू तुम्हाला," त्या दारातच कुजबुजल्या, "हे रोज येऊन तिथे बसायला लागले. बोलायला काही नाही, मग दोघंही समोरच्या भिंतीकडे बघत. एक दिवस यांना तुमचं ते वाक्य आठवलं. झालं! तेव्हापासून रोज तासभर. आई पलंगावरून सांगणार, 'तो बघ, डावीकडचा, बदकासारखा', हे खुर्चीवर चढून पट्टीने मोजणार. परवा तर जेवायला उठेनात. आई स्वतः उठून भिंतीशी जाऊन बघतात."

खोलीत भिंतीवर पेन्सिलीचं गोल होतं, पूर्वी जिथे तेलाचा डाग होता त्याच्या जरा वर. आजी पलंगावर ताठ बसल्या होत्या, चष्मा लावून. मुलगा हात मागे बांधून उभा, जणू निकाल ऐकायला आलाय.

डागदर जवळ गेले. डोळे अर्धे मिटले, मग पूर्ण उघडले. शेजारी शेजारी दोन फिकट ठसे, एकाच साच्यातून निघालेले. तीच वरची फट, तीच खालची शेपटी. मनगट वळलं नव्हतं. ते कधी वळलं नव्हतं, तेही त्यांना लख्ख आठवलं. 'दुप्पट' या एका शब्दावर हात दोनदा पडला होता.

त्यांचे कान लाल झाले. तीस वर्षांची बढाई गेली. पण त्याच वेळी आतून काहीतरी फुलून येत होतं आणि ओठ आवरत नव्हते. कुणीतरी पंधरा दिवस, रोज तासभर, ही भिंत बघितली होती. इंच न् इंच.

"सारखेच आहेत," ते म्हणाले.

"बघ!" आजींनी मुलाच्या हातावर टाळी दिली. मग डागदरांकडे वळून म्हणाल्या, "आता पुन्हा करा."

"हो हो. एवढा तुकडा आत्ता..."

"तुकडा नाही. अख्खी भिंत म्हणाला होतात. यानं ऐकलंय."

"ऐकलंय," मुलगा म्हणाला.

डागदरांनी भिंत खालपासून वरपर्यंत बघितली. नाही म्हणायला तोंड नव्हतं, आणि खरं तर मनही नव्हतं. "उद्या सकाळी येतो," ते म्हणाले. ते दारापर्यंत गेले असतील, तेवढ्यात आजींनी हाक मारली. मुलगा पट्टी ठेवायला दुसऱ्या खोलीत गेला होता.

"डागदर, या खेपेला जरा मन लावून करा," त्या आवाज खाली आणून म्हणाल्या. "इतक्या लवकर सापडले, तर हा पुन्हा ऑफिसातच बसेल."